शेवटच्या पाट्या कापू नका: मराठी वाहिन्यांना सोलापुरातून खुलं पत्र

प्रति,
मराठी मनोरंजन वाहिन्यांचे कार्यक्रम प्रमुख आणि त्यांच्या ॲपचं काम बघणारे सर्व जण,

सप्रेम नमस्कार.

तुमच्यापैकी एका वाहिनीनं अलीकडेच आपल्या ॲपवर एक जुनी मालिका पुन्हा आणली. पोस्टर नवं, रंग उजळलेले, आवाज साफ केलेला. काम मन लावून केलंय, यात वाद नाही. फक्त प्रत्येक भागाच्या शेवटच्या पाट्या, म्हणजे काम करणाऱ्यांची नामावली, कापल्या आहेत. सुरुवातीला शीर्षकगीतावर दोन-चार नावं येतात, पण तिथं गीत ओलांडून पुढं जायचं बटण ठेवलंय आणि ते बटण न दाबणारा माणूस मला अजून भेटायचाय. माहितीच्या पानावर कलाकारांचे चेहरे आहेत, वाहिनीचा लोगो आहे, 'कौटुंबिक' असा शिक्का आहे. कथा कुणाची, पटकथा कुणाची, संवाद कुणाचे, कुठले भाग कुणी दिग्दर्शित केले, कॅमेरा कुणी लावला, संकलन कुणी केलं, याबद्दल एक ओळ नाही.

त्या मालिकेचे संवाद मी लिहिलेत. मूळ दिग्दर्शक मध्येच दुसऱ्या कामावर गेले तेव्हा बरेच भाग मी दिग्दर्शित केले. शेवटी शेवटी निर्मितीतही माझा वाटा होता. म्हणून कचेरीत फोन केला. एका गोड आवाजाच्या मुलीनं सांगितलं, "मॅम, श्रेय वाहिनीच्या धोरणानुसार असं करारात आहे, आणि आता धोरण हे आहे." तिच्यावर माझा राग नाही, ती मालिका सुरू झाली तेव्हा ती प्राथमिक शाळेत असेल. ज्यांनी ते धोरण बसून ठरवलं त्यांच्याशी मला बोलायचंय, आणि चारचौघांत बोलायचंय, कारण फोनवर बोलून झालं.

आधी माझी ओळख सांगते. पाट्यांवरून ती कळायची सोय तुम्ही ठेवलेली नाही.

मी सोलापूरची. राज्य नाट्य स्पर्धेत हुतात्मा स्मृती मंदिराच्या रंगमंचावर पहिल्यांदा उभी राहिले ती एकही वाक्य नसलेल्या भूमिकेत. आमच्याकडच्या हौशी संस्थांत एका कामावर भागत नाही. जो लिहितो तोच तालमीत चहा सांगतो, टेम्पोवर सेट चढवतो आणि प्रयोगाच्या दिवशी लाइटच्या बोर्डावर बसतो. आकाशवाणी सोलापूरसाठी श्रुतिका लिहिल्या, तिथं कळलं की पात्र दारातून आत आलं हे नुसत्या बोलण्यातून ऐकू यायला पाहिजे. मग रात्रीची सिद्धेश्वर एक्स्प्रेस आणि मुंबई.

मुंबईत आधी कंटिन्युइटीचं काम मिळालं. नायिकेचं मंगळसूत्र पदराच्या आत होतं की बाहेर, कप डाव्या हातात होता की उजव्या, हे वहीत लिहायचं. स्टॉपवॉचही माझ्याकडेच. अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये जाहिराती वजा जाता भाग बावीस मिनिटांच्या आसपास बसवावा लागतो, त्यामुळे सीन लांबला की काय कापायचं ते मला विचारायचे. कापलं की सांधा जुळवावा लागतो. सांधे जुळवता जुळवता मी संवाद लिहायला लागले. घोडबंदर रोडवरच्या बंगल्यांत, मढला, फिल्म सिटीत, कुठंही बसून लिहिलंय. गुरुवारी रेटिंग यायचं आणि दुपारपर्यंत कथेचा ट्रॅक बदलायचा. सोमवारी ज्याचं तेरावं लिहिलं तो शुक्रवारी हॉस्पिटलात डोळे उघडायचा, आणि ते डोळे उघडणं पटेल असं लिहायची जबाबदारी माझी. कलाकार मेकअप करून बसलेत, दिग्दर्शक मॉनिटरसमोर ताटकळतोय, आणि मी मोबाइलवर अंगठ्यांनी सीन टाइप करून ग्रुपवर टाकतेय, असं कित्येकदा झालंय.

पुढं दिग्दर्शन आलं. मग निर्मिती आली, तेव्हा कळलं की वाहिनीचा पैसा टेलिकास्टनंतर नव्वद दिवसांनी येतो, आणि जनरेटरवाला, स्पॉटदादा, जेवणाचा कॅटरर हे आज संध्याकाळी हिशेबाला उभे असतात. लेखन, दिग्दर्शन, निर्मिती या तीन खुर्च्यांवर बसलेल्या माणसाला जे दिसतं ते एकाच खुर्चीवर बसून दिसत नाही, म्हणून हे सगळं सांगितलं. मोठेपणा मिरवायचा असता तर पत्र कशाला, पुस्तकच लिहिलं असतं.

आणि अशी तीन खुर्च्यांवरची माणसं ही काही माझ्यापासून सुरू झाली नाहीत. १९५९ मध्ये दिल्लीत भारतातलं टेलिव्हिजन नुकतं डोळे उघडत होतं तेव्हा तिथं पु. ल. देशपांडे होते. सई परांजपे पुणे आकाशवाणीवर निवेदन करत होत्या, तिथून दिल्ली दूरदर्शन, मुलांची नाटकं, मालिका, चित्रपट, आणि लेखन सगळीकडे त्यांचं स्वतःचं. स्मिता तळवलकर दूरदर्शनवर बातम्या देता देता निर्मात्या झाल्या, दिग्दर्शिकाही झाल्या. विनय आपटे दूरदर्शनवर कार्यक्रम करत करत नाटक, मालिका आणि अभिनय असे चहूकडे फिरले. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं, आणि त्यानंतर थोड्याच वर्षांत विनायक चासकर, याकूब सईद ही पडद्यामागची नावं घराघरांत ठाऊक झाली. कशी झाली? कार्यक्रम संपला की पाटी यायची, वाचता येईल इतका वेळ थांबायची, मगच जायची. त्या वेळी माहितीचं पान नव्हतं, ॲप नव्हतं, होता तो एक पुठ्ठा आणि त्यावर सुबक अक्षरात लिहिलेलं नाव. त्या पुठ्ठ्यानं जे काम केलं ते तुमचं आजचं तंत्रज्ञान करत नाही.

आता गाऱ्हाणी. पाट्या नीट दाखवणं तुम्ही ॲपच्या कितीतरी आधी, टीव्हीवरच बंद केलंत. भाग संपला की चित्र आक्रसून एका कोपऱ्यात जातं, उरलेल्या पडद्यावर पुढच्या मालिकेची सासू कडाडते, आणि खाली बोटभर पट्टीतून पन्नास माणसं पळत सुटतात. आमच्या अशोक चौकाकडचे एक काका आहेत, आयुष्य यंत्रमागावर गेलं. मी लिहितेय ती मालिका ते रोज बघायचे. एकदा त्यांनी टीव्हीसमोर मोबाइल धरून त्या पट्टीचा फोटो काढला आणि मला व्हॉट्सॲपवर पाठवला. फोटोत एक आडवा पांढरा फराटा होता. खाली लिहिलं होतं, "यातली तू कुठली गं?" मी उत्तर दिलं, मधली. खरं तर मलाही ओळखू येत नव्हतं.

तुम्ही म्हणाल, सेकंदाला पैसे पडतात. मी निर्मिती केलीय, मला माहीत आहे. पण नियमानं तासाला बारा मिनिटं जाहिराती दाखवता येतात, त्यातली दोन तुमच्या स्वतःच्या कार्यक्रमांच्या जाहिरातीसाठी. स्वतःची टिमकी वाजवायला दोन मिनिटं ठेवलेली आहेत. त्याच तासात ज्यांनी तो कार्यक्रम केला त्यांच्यासाठी वीस सेकंदं निघत नाहीत, हे मला पटत नाही. आणि ॲपवर तर सेकंदाचाही प्रश्न नाही. त्या पानावर जागा मोकळी पडलीय. ती भरायला एक माणूस आणि एक दुपार लागेल.

आमच्या गावच्या चादरीच्या कोपऱ्यावर कारखान्याचं लेबल शिवलेलं असतं, विणणाऱ्याचं नाव कुठंच नसतं. तुमचा लोगोही भागभर वरच्या कोपऱ्यात असतो, जाहिरात आली तरी हलत नाही. पण चादर हजारोंनी एकसारखी विणतात म्हणून तिथं निदान सबब तरी आहे. मालिकेचा प्रत्येक भाग कुणीतरी वेगळा बसून लिहिलेला असतो.

कायद्याकडे वळते. इथं माझ्या तीन कामांची तीन वेगळी गत होते. लेखक म्हणून १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५७ माझ्या बाजूचं आहे. हक्क विकले तरी 'हे मी लिहिलंय' असं सांगायचा अधिकार लेखकाकडेच राहतो. हिंदी लेखिका मन्नू भंडारींच्या कादंबरीवरच्या चित्रपटात मोडतोड झाली तेव्हा त्या दिल्ली उच्च न्यायालयात गेल्या, आणि १९८६ च्या त्या निकालात न्यायालयानं कलम ५७ चा अधिकार कराराच्या वरचा मानला. दिग्दर्शक म्हणून मात्र मी कुणीच नाही, कारण आपल्या कायद्यात चित्रपटाचा किंवा मालिकेचा कर्ता म्हणजे निर्माता. बरं, मी निर्मातीही होते, तर तिथं तुमचा करार आडवा येतो आणि सगळे हक्क वाहिनीकडे जातात. म्हणजे एकाच मालिकेत मी एका पायावर उभी, दुसरा पाय नाही, तिसरा तुम्ही काढून घेतलेला. कायद्यानं दिग्दर्शकाला विचारलं नाही म्हणून तुम्हीही विचारू नये, असं कुठं लिहिलंय?

याच कायद्यातली २०१२ ची दुरुस्ती तर तुमच्या विधी विभागाला तोंडपाठ असेल. चित्रपटगृहाबाहेर कामाचा वापर झाला तर लेखकाला रॉयल्टीतला समान वाटा मिळायला हवा, आणि तो हक्क त्याच्याकडून लिहून घेता येत नाही, त्याला तो देता येतो फक्त वारसाला किंवा कॉपीराइट संस्थेला. २०२० मध्ये टाळेबंदीत शूटिंग थांबलं, तेव्हा तुम्ही सगळ्यांनी जुन्या मालिका बाहेर काढल्या आणि लोकांचे ते दिवस त्यावर निघाले. आमचं काम घरोघरी दिसत होतं आणि आम्ही घरी बिनपगारी बसून ते बघत होतो. पुन:प्रक्षेपणाचा एक रुपयाही मला आला नाही, माझ्या ओळखीतल्या कुणालाही आला नाही. पैशाचं हे भांडण लांबचं आहे, ते संघटना लढतायत, मी या पत्रात त्यावर अडून बसत नाही. पण ज्याचं नावच पुसलं त्याची रॉयल्टी उद्या काढणार कुणाच्या नावानं, एवढं सांगा.

माझ्यापेक्षा ज्यांचं जास्त अडतं त्यांच्याबद्दल आता. आमचे एक लाइटमन होते, आयुष्यभर सेटवर राबले, म्हातारपणी गुडघे गेले म्हणून गावी परतले. राज्य शासनाची ज्येष्ठ साहित्यिक आणि कलावंतांना मानधन देण्याची योजना आहे, तिचा अर्ज भरायला ते माझ्याकडे आले. अर्जाला कामाचे पुरावे जोडायचे असतात. तमाशातल्या कलावंताकडे जत्रेचं हँडबिल असतं, कीर्तनकाराकडे सप्ताहाची पत्रिका असते. यांच्याकडे काय? त्यांच्या घरी बसून मी जुने भाग शोधत बसले, नावाची पाटी सापडेल या आशेनं. जिथं भाग सापडला तिथं शेवट कापलेला.

तीच गत नव्या पोरांची. सोलापूर, बार्शी, पंढरपूरकडून मुलं-मुली लिहायला मुंबईत जातात. वर्षभर कुणाच्या तरी हाताखाली सीन पाडतात, मग दुसरीकडे काम मागायला जातात तेव्हा प्रश्न येतो, "तुमचं काम कुठं बघायला मिळेल?" नाव नसलेल्या कामाची लिंक पाठवून काय उपयोग? ज्याचा काका या धंद्यात आहे त्याचं काका सांगतो. ज्याचा नाही त्याच्यासाठी ती पाटी हीच ओळख, हाच दाखला.

नाव लावण्याची दुसरी बाजूही आहे, तीही सांगते. नाव असलं की शिव्या खायलाही माणूस हजर राहतो. एका मालिकेत नायिका सोलापूरच्या पूर्व भागातली, विणकर घरातली होती. तिथं घरात तेलुगू, गल्लीत मराठी, बाजारात हिंदी असं एका वाक्यात तीन उड्या मारत लोक बोलतात, आणि पलीकडच्या गल्लीत गेलात तर त्यात कन्नडची भर पडते. मी तसं लिहिलं. वरून निरोप आला, "ऑडियन्स कन्फ्यूज होईल." मग त्या बाईच्या तोंडी तुमची ती कुठल्याच तालुक्यात न बोलली जाणारी टेलिव्हिजनची गावठी घातली. संवाद कुणाचे, तर माझे. नवी पेठेत ओळखीच्या दुकानदारानं मला थांबवून विचारलं, "ताई, आमची माणसं असं कधी बोलतात का?" त्याचं बरोबर होतं. तेव्हा ज्यानं बदललं त्याचंही नाव पाटीवर येऊ द्या. 'संवाद बदल: वाहिनीचा कार्यक्रम विभाग' अशी पाटी मला आवडेल. मी थट्टा करत नाहीये. म्हणजे, थोडी करतेय.

हे सगळं जगावेगळं मागणं नाही. हुतात्मा स्मृती मंदिरात आजही प्रयोगाआधी निवेदक लेखक, दिग्दर्शक, नेपथ्य, प्रकाशयोजना, संगीत, रंगभूषा अशी नावं वाचतो, लोक बॅटरी लावून खुर्च्या शोधत असले तरी वाचतो, मगच तिसरी घंटा होते. वर्तमानपत्रातल्या नाटकाच्या बोटभर जाहिरातीतही लेखक-दिग्दर्शक असतात. त्याही आधी, आमच्या सोलापूरचे राम जोशी ज्या परंपरेतले त्या शाहिरांनी तर कुणावर विसंबूनच राहिलं नाही. कवनाच्या शेवटी स्वतःचं नाव गुंफून टाकलं, कापायचं तर कडवंच कापावं लागेल. आम्हाला ती सोय नाही. नायिका रडता रडता लेखिकेचं नाव घेऊ शकत नाही.

तर मागण्या. ॲपवर असलेल्या प्रत्येक मालिकेच्या पानावर, कलाकारांच्या बरोबरीनं कथा, पटकथा, संवाद, दिग्दर्शन, छायांकन, संकलन, संगीत आणि निर्मिती यांची नावं लावा. लेखक-दिग्दर्शक मध्ये बदलले असतील तर भागांप्रमाणे लावा. हे आधी करा, कारण याला पैसा लागत नाही.

जुन्या भागांच्या कापलेल्या पाट्या मूळ टेपमध्ये आहेत, त्या परत जोडा. जिथं टेपच उरली नाही तिथं कॉल शीट (कुठल्या दिवशी शूटिंगला कोण कोण होतं याचे कागद), करार आणि माणसांच्या आठवणी यांतून नामावली तयार करा, आणि त्यात तांत्रिक विभागातली माणसंही घ्या.

टीव्हीवर रोजचा भाग संपताना निदान आठवड्यातून एकदा, महाएपिसोडच्या दिवशी, पूर्ण पडद्यावर वाचता येईल अशा वेगानं पाट्या दाखवा. रोज दाखवा असं मला म्हणायचं होतं, पण मी तुम्हाला ओळखते.

करारातलं 'श्रेय वाहिनीच्या धोरणानुसार' हे वाक्य काढा आणि त्या जागी कुठल्या कामाला, कुठं, किती वेळ श्रेय मिळेल हे स्पष्ट लिहा. आणि ज्यानं काम केलं त्याला किंवा त्याच्या वारसांना मागितल्यावर वाहिनीच्या सही-शिक्क्याचं कामाचं पत्र द्या. एका पानाचं पत्र, बास.

या पत्राखाली माझं नाव नाही. ज्या वाहिनीचा विषय आहे तिच्याकडे माझा करार आहे, तिला नाव ठाऊक आहे. बाकीच्यांना जाणून घ्यायचं असेल तर त्यांनी ॲपवर मालिका लावावी आणि शोधून बघावं.

कंटिन्युइटीच्या दिवसांपासून वह्या ठेवायची खोड आहे, त्यामुळे त्या मालिकेत शेवटपर्यंत कोण कोण होतं याची यादी माझ्याकडे तयार आहे. लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, लाइट, ध्वनी, मेकअप, वेशभूषा, स्पॉट, सगळे. नावांचं शुद्धलेखन प्रत्येकाला किंवा त्याच्या घरच्यांना विचारून तपासलंय. टाइप करूनही झालीय. कुठल्या पत्त्यावर आणि कुणाच्या नावानं पाठवायची, तेवढं लेखी कळवावं.

कळावे,
आपली,
सोलापूरची एक लेखिका, दिग्दर्शिका आणि निर्माती